आवाजाच्या दिमतीस

मराठी बोलपटाचा इतिहास आपल्याकडे लिहिला गेला तो बहुतांशी डोळ्यांनी पाहून लिहिला गेला. कानांनी ऐकून तो लिहिण्याचा प्रयत्न क्वचितच झाला. नटनटींच्या मुद्रा, दिग्दर्शकाची दृष्टी, फत्तेलालांनी उभारलेले भव्य नेपथ्य यांविषयी आपण भरभरून बोलतो. गायकांचे कंठ तबकड्यांवर उतरले, म्हणून त्यांचीही कीर्ती टिकली. परंतु तो कंठ किती अंतरावरून टिपावा, पावसाची सर संवादाखाली कितपत राखावी आणि दार लागल्यावर किती क्षण काहीच ऐकू येऊ देऊ नये, हे ज्याने ठरविले त्या माणसाला श्रेयनामावलीतील एका ओळीपलीकडे जागा मिळाली नाही. ध्वनिमुद्रकाचा हा पेशा आपल्याकडे सुरू होऊन नव्वदांवर वर्षे लोटली. या अवधीत त्याने जे भोगले आणि कमावले, ते पाहू लागले की माझ्या मते एकच कथा पुनःपुन्हा समोर येते: माणसाचा देह आणि त्याचा आवाज यांच्या ताटातुटीची, आणि पुष्कळ वर्षांनी झालेल्या त्यांच्या पुनर्भेटीची.

आरंभी ही ताटातूट नव्हती. 14 मार्च 1931 रोजी गिरगावातील मॅजेस्टिक चित्रगृहात ‘आलम आरा’ झळकला, तेव्हा पडद्यावर जो ओठ हलत होता त्याच ओठांतून, त्याच क्षणी निघालेला शब्द लोकांनी ऐकला. अर्देशीर इराणींच्या हाती जी ‘टॅनार’ यंत्रसामग्री होती तिच्यात चित्र आणि ध्वनी एकाच फितीवर, एकाच वेळी उमटत. त्यामुळे चुकीला दुरुस्ती नव्हती. चित्रशाळेला लागूनच लोहमार्ग होता आणि दिवसा गाड्यांच्या खडखडाटात चित्रण करणे अशक्य होते, म्हणून मंडळी रात्री, आगगाड्यांची वर्दळ थांबल्यावर, एक ते चारच्या सुमारास काम करीत. मायक्रोफोन कुठे लपवायचा आणि वाजविणाऱ्यांना कुठे बसवायचे, हे प्रश्न दिग्दर्शनाच्या प्रश्नांइतकेच मोठे झाले. त्या बोलपटाची एकही प्रत आज शिल्लक नाही. हिंदी चित्रपटाचा पहिला उच्चार आपल्या कानांना कायमचा दुरावला, ही गोष्ट आठवली की आजही मन खिन्न होते.

पुढच्याच वर्षी कोल्हापुरात ‘प्रभात’ या चित्रपटसंस्थेने ‘अयोध्येचा राजा’ बोलता केला, आणि या बोलपटाच्या ध्वनीची जबाबदारी विष्णुपंत गोविंद दामल्यांनी पत्करली. 1892 साली पेण येथे जन्मलेले दामले या वेळी चाळिशीच्या उंबरठ्यावर होते. बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत त्यांची उमेदवारी झाली होती. बाबूरावांनी स्वतः घडविलेल्या कॅमेऱ्याच्या निर्मितीत त्यांचा हातभार होता. पडदे रंगविणे, यंत्रे जुळविणे, फीत धुणे अशी कारखान्यातील सर्व कामे त्यांच्या हाताखालून गेली होती, आणि 1928 साली फत्तेलालांच्या जोडीने त्यांनी ‘महारथी कर्ण’ हा मूकपट दिग्दर्शितही केला होता. 1 जून 1929 रोजी व्ही. शांताराम, फत्तेलाल, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह त्यांनी ‘प्रभात’ची स्थापना केली, तेव्हा आपल्या वाट्याला पुढे ध्वनीचे खाते येईल हे त्यांच्याही ध्यानीमनी नसावे, कारण तेव्हा आपल्या चित्रपटांत ध्वनीच नव्हता. नवे यंत्र समोर आले आणि ते उघडून पाहण्याचे धाडस ज्याच्या बोटांत होते, त्याच्याकडे ते खाते चालत आले.

त्या खात्याचे काम काय होते, हे आजच्या वाचकाने नीट समजून घेतले पाहिजे. मायक्रोफोनवर आदळणाऱ्या ध्वनिलहरींचे विजेच्या कमीअधिक प्रवाहात रूपांतर होई. त्या प्रवाहाबरहुकूम प्रकाशाची एक बारीक तिरीप थरथरे आणि फितीच्या कडेला, दात्यांच्या भोकांलगत, एक अरुंद पट्टा कोरला जाई. त्या पट्ट्यातील काळेपांढरे हेच माणसाचे बोलणे. चित्रगृहातील यंत्रात चित्राची प्रत्येक चौकट भिंगासमोर क्षणभर थांबते, सेकंदाला चोवीस वेळा थांबत थांबत पुढे सरकते. आवाजाला मात्र असे थांबणे मानवत नाही, त्याला अखंड वाहावे लागते. म्हणून छापील प्रतीवर आवाज आपल्या चित्राच्या सुमारे 20 चौकटी पुढे ठेवावा लागतो. फीत धुण्याच्या रसायनात किंचित चूक झाली तरी तो पट्टा घोगरा होई, आणि तालमीत गोड वाटलेला षड्ज चित्रगृहात फाटक्या कापडासारखा ऐकू येई. तेव्हा ध्वनिमुद्रकाला कानाबरोबर विजेचे आणि रसायनाचेही ज्ञान हवे होते. कोणत्याही विद्यापीठाची अभियांत्रिकीची पदवी नसलेल्या दामल्यांनी हे ज्ञान प्रत्यक्ष हाताळणीतून मिळविले, याचे मला सदैव आश्चर्य वाटत आले आहे.

‘अयोध्येचा राजा’त गोविंदराव टेंबे हरिश्चंद्र होते आणि दुर्गाबाई खोटे तारामती. टेंबे हे संगीत रंगभूमीचे मानकरी. शेवटच्या रांगेतील प्रेक्षकापर्यंत आवाज पोहोचविण्याची सवय अंगी मुरलेला हा कलावंत. रंगभूमीवर जो गुण, तोच मायक्रोफोनपुढे दोष ठरू लागला. आता श्रोता शंभर हातांवर राहिला नव्हता, तो दोन हातांवर येऊन बसला होता, आणि नाटकी उच्चाराचा सगळा डौल त्या यंत्राला असह्य होत होता. मराठी संवाद पुढे चार-पाच वर्षांत पल्लेदारपणा टाकून बोलीच्या जवळ आला, त्याचे श्रेय आपण लेखकांना आणि दिग्दर्शकांना देतो व ते योग्यच आहे. परंतु मायक्रोफोनच्या या मूक सक्तीचाही त्यात वाटा आहे, असे मला निश्चितपणे वाटते.

1933 साली कंपनी पुण्यास आली. 1936 साली दामले आणि फत्तेलाल यांनी मिळून ‘संत तुकाराम’ दिग्दर्शित केला, व्हेनिसच्या महोत्सवात 1937 साली त्याचा गौरव झाला आणि मुंबईत तो वर्षाहून अधिक काळ चालला, हे सर्वश्रुत आहे. पण हा चित्रपट डोळे मिटून ऐकावा, अशी माझी वाचकांना विनंती आहे. विष्णुपंत पागनिसांच्या गळ्यातून अभंग निघतो तो सभेतील गाणे म्हणून नव्हे, तर कामधामात असलेल्या माणसाच्या ओठी सहज आलेला शब्द म्हणून. आणि त्यावर गौरीबाईंची जिजाई आपल्या खणखणीत, रांगड्या आवाजात जे बोलते, त्याने घर भरून जाते. एक आवाज आत वळलेला, दुसरा अंगणभर पसरलेला. या दोहोंना एकाच चौकटीत नांदवायचे, एकाने दुसऱ्याला झाकू नये आणि तरी संसारातला त्यांचा विसंवाद उघड व्हावा, हे केवळ लेखणीचे काम नाही. ज्या दिग्दर्शकाने आधी चार वर्षे कानाला यंत्र लावून माणसांचे बोलणे तोलले होते, त्यालाच हे साधले.

‘प्रभात’च्या ध्वनिविभागाची खरी परिपक्वता दिसते ती ‘कुंकू’त. 1937 सालचा हा चित्रपट, ना. ह. आपट्यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवर शांतारामबापूंनी केलेला. संगीतकार केशवराव भोळे. आणि या संगीतकाराने शांतारामबापूंच्या संमतीने निर्णय घेतला तो असा की प्रसंगांच्या पाठीशी नेपथ्यसंगीत मुळीच वापरायचे नाही. दुःखाच्या प्रसंगी सारंगी नाही, संतापाच्या प्रसंगी झांजा नाहीत. त्या घरात, त्या रस्त्यावर जे आवाज असतील तेवढेच ऐकू यावेत. नायिकेचे वृद्ध पती काकासाहेब यांच्या घरातील भिंतीवरचे जुने घड्याळ त्यांच्या वयाचे आणि थकल्या देहाचे साक्षीदार होऊन वारंवार समोर येते. आणि नायिका झालेल्या शांताबाई आपटे लाँगफेलोची एक इंग्रजी कविता गातात तेव्हा ती गाणारी मुलगी या घरात किती परकी आहे, हे सांगायला निराळ्या वाद्यवृंदाची गरज राहत नाही. ज्या काळी बोलपट म्हणजे गाण्यांची माळ असे समीकरण रूढ झाले होते, त्या काळी संगीतकाराने आपल्या हक्काची जमीन अशी सोडून द्यावी आणि ती घड्याळाच्या ठोक्यांना व वावरणाऱ्या माणसांच्या पावलांना बहाल करावी, ही आपल्या चित्रपटाच्या इतिहासातील अत्यंत थोर घटना आहे. पण अशा निर्णयाचा भार सोसायला ध्वनिविभाग तेवढाच समर्थ असावा लागतो. नेपथ्यसंगीत पुष्कळ दोष झाकते; ते काढून घेतले की पावलांचा प्रत्येक आवाज, प्रत्येक उसासा उघडा पडतो, आणि तो खोटा असेल तर तत्क्षणी कळतो. ‘कुंकू’त तो खोटा वाटत नाही.

दामले 5 जुलै 1945 रोजी निवर्तले. वीरेंद्र वळसंगकर यांनी त्यांच्यावर माहितीपट केला आहे. तरीही सर्वसामान्य मराठी माणसाला दामले माहीत असतात ते ‘तुकाराम’चे एक दिग्दर्शक म्हणून, ध्वनिमुद्रक म्हणून नव्हे.

देह आणि आवाज यांची फारकत तोवर सुरू झाली होती. 1935 साली कलकत्त्याच्या न्यू थिएटर्समध्ये नितीन बोस, रायचंद बोराल आणि ध्वनिमुद्रक मुकुल बोस यांनी गाणे आधी मुद्रित करून नंतर त्यावर चित्रण करण्याची पद्धत ‘धूप छाँव’ आणि त्याच्या बंगाली आवृत्तीत योजली. एका दशकात तिचा अंमल देशभर बसला. त्या पद्धतीने आपल्याला जे दिले ते अमोल आहे, आणि ते देणारे ध्वनिमुद्रक काही कमी प्रतिभेचे नव्हते. ‘महल’ या 1949 सालच्या चित्रपटातील सुप्रसिद्ध गीताची हकीकत लताबाईंनी स्वतः सांगितलेली आहे: दुरून येत येत आवाज जवळ यावा हा परिणाम साधण्यासाठी मायक्रोफोन दालनाच्या मध्यभागी ठेवला गेला आणि त्या एका कोपऱ्यातून गात गात हळूहळू त्याच्यापाशी आल्या. दूरत्व निर्माण करणारे यंत्र नव्हते, तेव्हा दूरत्व प्रत्यक्षच घ्यावे लागले. आज बटणाच्या एका दाबाने जो आभास होतो त्याहून तो निराळा का वाटतो, याचे उत्तर त्या चालत आलेल्या पावलांत आहे.

संवादांची फारकत झाली ती मात्र कलेच्या ओढीने झाली नाही, सोयीने झाली. चित्रण चित्रशाळेबाहेर पडले आणि हातात मावणारे, चपळ पण गोंगाट करणारे ‘अॅरीफ्लेक्स’ कॅमेरे सर्वत्र रूढ झाले. त्यांच्या घरघरीत स्वच्छ संवाद मिळणे दुरापास्त होते. म्हणून स्थळावर केवळ खुणेपुरता ‘पायलट’ ध्वनी घ्यायचा आणि महिन्यांनंतर बंद खोलीत, दृश्याचा तुकडा पुनःपुन्हा फिरवीत, नटाकडून तेच वाक्य ओठांवर बसवून घ्यायचे, ही ‘डबिंग’ची रीत पडली. परिणामी स्थळावरच्या ध्वनिमुद्रकाचा हुद्दा घसरला. ज्याच्यासाठी एके काळी अवघी चित्रशाळा श्वास रोखून उभी राहत असे, त्याने घेतलेला आवाज पुढे फेकूनच द्यायचा आहे, हे सर्वांना ठाऊक असे. डोंगरावर, रस्त्यावर, विहिरीच्या काठी चित्रित झालेली माणसे एकाच खोलीत बोलत असल्यासारखी ऐकू येऊ लागली. प्रेक्षकाला त्याची सवय झाली, आणि सवयीमुळे आपण काय गमावले याचा पत्ताच लागला नाही.

या कालखंडात ध्वनीची अब्रू राखली ती मिश्रणकारांनी, आणि त्यांत परळच्या राजकमल कलामंदिरातील मंगेश देसाई यांचे नाव अग्रभागी घेतले पाहिजे. शांतारामबापूंनी 1942 साली स्थापन केलेल्या या संस्थेच्या मिश्रणगृहात निर्माते आपले चित्रपट घेऊन येत. खुद्द सत्यजित राय मिश्रणासाठी कलकत्त्याहून देसायांकडे येत असत. संवाद, संगीत, पावले, वारा, गर्दी असे वेगवेगळ्या फितींवरचे ध्वनी एकाच वेळी चालू करून, पडद्यावरच्या चित्राकडे पाहत, प्रत्येकाची पातळी हाताने वरखाली करीत त्यांची एक फीत करायची, हे मिश्रणकाराचे काम. हजार फुटांचे एक रीळ अकरा मिनिटे चालते, आणि त्या अवधीत कोणत्या क्षणी कोणता ध्वनी मागे घ्यायचा व कोणता पुढे आणायचा, हे त्याला मुखोद्गत असावे लागे. ‘शोले’च्या श्रेयनामावलीत पुनर्ध्वनिमुद्रणासमोर देसायांचे नाव आहे. ठाकुराच्या कुटुंबाचा संहार झाल्यावर रिकामा झोका करकरत राहतो, आणि गब्बर प्रथम येतो तेव्हा त्याचा चेहरा दिसण्यापूर्वी खडकावरचे बूट आणि पट्ट्याची फरफट ऐकू येते. आज पन्नास वर्षे लोकांना त्या प्रसंगांचे भय आठवते ते या ध्वनींमुळे. तो झोका किती वेळ करकरू द्यायचा आणि त्याभोवतीचे बाकी सारे ध्वनी किती मागे सारायचे, यावर त्या प्रसंगाचा सारा जीव अवलंबून आहे. दिग्दर्शकाची योजना असतेच. तिचे माप मिश्रणगृहात ठरते.

पुनर्भेट घडली ती नव्या शतकाच्या आरंभी. ‘लगान’ कच्छमध्ये भूजनजीक चित्रित झाला, तो स्थळावरचा ध्वनी पक्का म्हणून घेऊन. नकुल कामटे यांनी तो घेतला आणि एच. श्रीधर यांच्यासमवेत त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून 1995 साली बाहेर पडलेल्या रसूल पूकुट्टी यांना 2009 साली ऑस्कर मिळाले, आणि त्याच वर्षीच्या चित्रपटांपासून राष्ट्रीय पुरस्कारांतही स्थळध्वनी, ध्वनिरचना व अंतिम मिश्रण अशी तीन खाती वेगळी झाली. फिल्म इन्स्टिट्यूट 1960 साली स्थापन झाली ती ‘प्रभात’च्याच आवारात, हे येथे नमूद केले पाहिजे. मराठीपुरते बोलायचे तर चैतन्य ताम्हाणे यांचा ‘कोर्ट’ पाहावा. अनिता कुशवाह आणि अमृत प्रीतम यांनी त्याचा ध्वनी सांभाळला आहे. न्यायालयातील ती कंटाळवाणी कुजबुज, पंख्यांची घरघर, कागदांची सळसळ आणि मध्येच एकसुरात वाचले जाणारे जबाब ऐकताना सरकारी दालनाचा उबग अंगावर येतो. 1937 साली ‘कुंकू’ने जो मार्ग दाखविला होता, त्यावर मराठी चित्रपट इतक्या वर्षांनी परत आला.

दूरचित्रवाणीच्या मालिकांनी या पेशातील पुष्कळ माणसांना आज पोटापाण्याला लावले आहे, म्हणून त्या कामाचीही नोंद घेतली पाहिजे. गोरेगावच्या चित्रनगरीत दिवाणखान्याचे नेपथ्य उभे असते. सासू, सून, दीर, नणंद असे सहा जण एका दृश्यात बोलायचे असतात. दिव्यांच्या पलीकडे, चौकटीच्या वरच्या कडेबाहेर, लांब काठीच्या टोकाला मायक्रोफोन लावून तो डोक्यावर तोलीत एक तरुण उभा असतो. त्याला ‘बूममन’ म्हणतात. सर्वांचे संवाद त्यालाही पाठ असावे लागतात, कारण पुढचे वाक्य कोण बोलणार हे आधी कळल्याखेरीज त्याला मायक्रोफोन वेळेवर फिरविता येत नाही. त्याची सावली भिंतीवर पडता कामा नये, काठीवरची बोटे सरकता कामा नयेत, पायाखालची फळी करकरता कामा नये. आणि दृश्य पाच मिनिटांचे असले तर पाच मिनिटे ते हात वर राहतात. दुसरीकडे पदराखाली छोटा कॉलर माईक बसविलेला असतो आणि तेथे निराळेच शत्रू उभे राहतात: पैठणीची सळसळ, पाटल्या-बांगड्यांची किणकिण, आणि भावनेच्या भरात छातीशी नेलेला हात मंगळसूत्रावर पडला की कानात उठणारा ठणका. ध्वनिमुद्रकाने हात वर करून पुन्हा एकदा घ्या म्हणावे, तर दिवसाचे ठरलेले भाग पुरे करण्याची घाई. वरून विमान जात असते, शेजारच्या नेपथ्यावर हातोडा चालू असतो, जनरेटर धडधडत असतो. आणि तरीही दृश्य संपल्यावर तो सर्वांना अर्धा मिनिट निश्चल उभे करतो आणि त्या रिकाम्या दालनाची शांतता मुद्रित करून घेतो. तिला ‘रूम टोन’ म्हणतात. प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते आणि संकलनात दोन वाक्यांमधील फट त्याच खोलीच्या शांततेने भरावी लागते, नाहीतर कान अडखळतो.

केबल गुंडाळण्यापासून सुरुवात करून बूम, मग साहाय्यक आणि मग स्वतंत्र ध्वनिमुद्रक, ही पायरी चढायला अनेक वर्षे जातात. दिवस बारा तासांचा, कधी त्याहून मोठा. कामाचे पैसे तीन-तीन महिन्यांनी हाती यायचे, ही मालिकांच्या धंद्यातील जुनी तक्रार. दिवसभर कानाला यंत्र लावून बसणाऱ्या माणसाचे भांडवल म्हणजे त्याचे कान, आणि वयाबरोबर वरच्या पट्टीतील सूक्ष्म ध्वनी प्रथम हरपतात हा शरीराचा नियम आहे. नटाच्या चेहऱ्याची काळजी घेण्यास माणसे नेमलेली असतात. ह्याच्या कानांची काळजी त्याची त्यानेच घ्यायची. ही व्यवस्था न्याय्य नाही, आणि निर्मात्यांनी व वाहिन्यांनी ती बदलली पाहिजे.

आणखी एक गोष्ट आपल्या हातची आहे. चित्रणाच्या वेळी ध्वनिमुद्रक प्रत्येक दृश्यासाठी एक नोंदपत्रक भरीत असे: दृश्य क्रमांक, कितवा प्रयत्न, कोणता मायक्रोफोन, मध्येच कुठे गाडीचा आवाज आला, कोणता भाग राखावा. मिश्रणगृहातही अशी टिपणे होत. ही दप्तरे म्हणजे आपल्या चित्रपटाच्या श्रवणाचा लेखी इतिहास आहे, आणि त्यांतील पुष्कळशी जुन्या ट्रंकांत, माळ्यांवर, सेवानिवृत्त तंत्रज्ञांच्या घरी पडून असणार. पुण्यात विधी महाविद्यालय मार्गावर 1964 साली स्थापन झालेले राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. तेथे चित्रफितींबरोबर छायाचित्रे, जाहिराती, पुस्तिका असे कागदही जतन होतात. ज्यांचे वडील, काका, आजोबा एखाद्या चित्रशाळेत ध्वनीच्या खात्यात होते, त्यांनी दिवाळीच्या साफसफाईत असे कागद सापडले तर ते रद्दीत घालू नयेत. ते संग्रहालयाकडे द्यावेत. आणि ती वडीलधारी माणसे हयात असतील तर त्यांच्यापाशी बसून त्यांची हकीकत याच वर्षी लिहून घ्यावी.